काचेची आतली बाजू

आयुष्यात कधी बर्फ न पाहिलेल्या चार माणसांनी मिळून नॉर्वेतलं हिवाळ्यातलं स्वयंपाकघर बांधलं, तेही सिंगापूरमधल्या एका गोदामात. त्या चौघांतली एक मी. बाकीचे तिघे म्हणजे एक चिनी सुतार, ज्यांना सगळे अंकल म्हणत, आणि त्यांच्या हाताखालचे दोन मलेशियन रंगारी. पाचव्या होत्या बाई. त्यांनी बर्फ इतका पाहिला होता की त्या त्याविषयी फारशा प्रेमाने बोलत नसत.

बाई नॉर्वेच्या. चित्रपटांच्या प्रॉडक्शन डिझायनर. म्हणजे पडद्यावर नट सोडून जे काही दिसतं, भिंत, खुर्ची, कपबशी, खिडकीबाहेरचा डोंगर, ते सगळं ठरवायचं आणि उभं करायचं काम त्यांचं. त्यांच्या देशात लहानथोर सगळे एकमेकांना नावानेच हाक मारतात, आणि मीही तसंच करावं असं त्यांनी पहिल्या दिवशी बजावलं. मी दोन दिवस प्रयत्न केला. पंधरा वर्षांनी मोठ्या बाईला नुसत्या नावाने हाक मारायला जीभ वळेना. मग तोंडावर काहीच न म्हणता मी सरळ मुद्द्यावर यायला लागले, आणि मनात शाळेतल्यासारखं 'बाई' म्हणायला लागले. इथेही तेच लिहिते.

नवरा जुरोंग आयलंडवर, तेलाच्या कारखान्यांच्या बेटावर, इंजिनीअर होता. सकाळी कंपनीच्या बसने जायचा, संध्याकाळी यायचा. आम्ही पुंगोलला राहायचो, आजूबाजूला सगळ्या नव्या बिल्डिंगा आणि बाबागाड्या. मी पुण्यात एका आर्किटेक्टच्या ऑफिसात तेरा वर्षं ड्रॉइंग काढली होती. सिंगापूरला आले तोवर तिथल्या ऑफिसांत सगळं कॉम्प्युटरवर गेलेलं. हाताने रेघ मारणारी बेचाळीस वर्षांची बाई, तीसुद्धा नवऱ्याच्या नोकरीवर मिळालेल्या डिपेंडंट पासवर, कुणाला हवी होती? चार वर्षं मी घर सांभाळलं. मला त्याचं दुःख नव्हतं, पण कंटाळा भरपूर होता.

मग मुलीच्या शाळेतल्या एका आईकडून कळलं की एका चित्रपट कंपनीला हाताने मोजमापाचं ड्रॉइंग काढणारं माणूस हवंय. मी गेले. बाईंनी माझे कागद पाहिलेच नाहीत. मोजपट्टी हातात देऊन म्हणाल्या, "ही खोली मोज आणि काढ."

मी विचारलं, "प्लास्टर धरून की सोडून?"

त्यांनी चष्मा काढला, माझ्याकडे नीट पाहिलं आणि म्हणाल्या, "सोमवारपासून ये." परवानगीचं पत्र वगैरे सगळं कंपनीने केलं.

घरी सांगितलं तर नवरा म्हणाला, "बर्फाचं घर करणार तुम्ही? आपला फ्रीजर दाखव त्यांना, अर्धं काम झालेलं आहे."

मुलगी तेव्हा बारा वर्षांची. ती इथल्या पोरांच्या इंग्रजीत म्हणाली, "आई, यू नेव्हर सी स्नो बिफोर, हाऊ टू मेक, लाह?"

मी म्हटलं, "ताजमहाल बांधणाऱ्यांनी तरी आधी कुठे ताजमहाल पाहिला होता?"

चित्रपटाची गोष्ट साधी होती. बाप नॉर्वेचा, जहाजावर इंजिनीअर, आई सिंगापूरची. मुलगी नऊ वर्षांची होईपर्यंत नॉर्वेत वाढते, मग आईबरोबर सिंगापूरला येते. त्या मुलीचं काम करणारी पोर इथलीच, शाळेत जाणारी. तिला महिनोन्महिने नॉर्वेत ठेवणं शक्य नव्हतं. म्हणून घरातली दृश्यं इथे चित्रित करायची आणि बाहेरच्या बर्फातली तेवढी शाळेच्या सुट्टीत तिकडे जाऊन.

काम करताना बाई बोलत. सलग नाही. रेघ मारता मारता एखादं वाक्य टाकायच्या, पुढचं दुसऱ्या दिवशी. मी ते जोडत गेले. उत्तरेकडच्या एका मासेमारीच्या गावातल्या त्या. वडील होड्या रंगवायचे. अकरा वर्षांच्या असल्यापासून होड्यांवर नंबर आणि नावं लिहायचं काम यांच्याकडे, कारण थंडीत यांचा हात थरथरत नसे. एकोणिसाव्या वर्षी शहरात नाटकाच्या कंपनीत पडदे रंगवायला लागल्या. पडदा जमिनीवर अंथरायचा आणि लांब दांड्याच्या ब्रशने त्याच्यावर चालत चालत डोंगर काढायचे. तिथून चित्रपटात. चित्रपटात वीस वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली. ड्रॉइंग यांची, पडद्यावर नाव साहेबांचं. चाळिशी उलटल्यावर एका चित्रपटात साहेब भांडून निघून गेले, आणि तीन आठवड्यांत दीपगृहाचा जिना उभा करायचा होता. दुसरं कुणी मिळालं नाही म्हणून यांना सांगितलं. यांनी तो सतरा दिवसांत केला.

"मग?" मी विचारलं.

"मग लोकांना माझं नाव लिहिता यायला लागलं."

त्यानंतर पंधराएक वर्षं त्यांना उसंत नव्हती. मात्र सिंगापूरला येण्याआधीच्या दोन्ही चित्रपटांतून त्यांना मध्येच मोकळं केलं होतं. दोन्ही वेळेला निर्मात्यांनी ठरवलं की सेट बांधायची गरज नाही, हिरव्या कापडासमोर नट उभे करू आणि भिंती मागाहून कॉम्प्युटरवर भरू.

"वाईट वाटलं?"

"वाटलं. मग मी घराची कौलं बदलून घेतली."

असं त्यांचं उत्तर असायचं. मला ते पटायचं.

या चित्रपटातही तीच टांगती तलवार होती. दिग्दर्शकही नॉर्वेचाच, पस्तिशीचा, सभ्य माणूस. सभ्य माणसाशी धड भांडताही येत नाही. त्याने स्पष्ट सांगितलं होतं: सिंगापूरच्या गरमीत, बर्फ न पाहिलेल्या लोकांकडून नॉर्वेतलं स्वयंपाकघर होईल यावर त्याचा विश्वास नाही. बाई म्हणतात म्हणून तो पाहील. पटलं नाही तर हिरवं कापड. ते कापड आधीच येऊन गोदामात ट्रॉलीवर पडलं होतं, नीट घडी घातलेलं. आम्ही रोज त्याला वळसा घालून आत जायचो.

"या वेळी कापड लागलं तर संपलं," बाई एकदा म्हणाल्या. "तिसऱ्यांदा काढलेल्या माणसाला चौथ्यांदा कुणी बोलवत नाही." एवढं बोलून त्यांनी मला दाराच्या बिजागरीचं माप विचारलं.

बाईंची एक रीत होती. कोणताही सेट कॅमेऱ्याच्या ताब्यात द्यायच्या आधी, बांधणाऱ्या सगळ्यांनी तिथे बसून एकदा जेवायचं. प्लॅस्टिकच्या डब्यात उभ्याउभ्या नाही, खरंखुरं जेवण. टेबलाला कोपर कुठे लागतं, खुर्ची मागे ओढली की कशावर आपटते, मीठ मागितलं की कुठून येतं, हे जेवल्याशिवाय कळत नाही, असं त्यांचं म्हणणं. दीपगृहाच्या जिन्यावर त्यांनी वीस जणांना पायऱ्यांवर बसवून मासे वाढले होते. या जेवणाला दिग्दर्शकालाही बोलवायचं, आणि जेवण झाल्यावर त्याने हो किंवा नाही सांगायचं, असं ठरलं.

स्वयंपाकघरातल्या दोन खिडक्या माझ्याकडे होत्या. प्रत्येक खिडकीत सहा काचा, आणि काचांवर गोठलेल्या हिमाची नक्षी. बाईंनी कृती सांगितली: शिळी बिअर गरम करायची, तिच्यात एप्सम सॉल्ट, दुखरे पाय बुडवून ठेवायला वापरतात ते, विरघळेल तितकं विरघळवायचं आणि ब्रशने काचेवर लावायचं. वाळताना त्याचे स्फटिक पसरतात, नेच्याच्या पानांसारखे. तळाशी दाट, वर विरळ. त्यांनी एक जुना फोटोही दिला.

मी पुंगोलच्या सुपरमार्केटमधून दोन पेट्या बिअर उचलल्या. लिफ्टमध्ये शेजारच्या काकू भेटल्या, मुंबईच्या, गुरुवार करणाऱ्या. पेट्यांकडे पाहून म्हणाल्या, "पाहुणे येणारेत वाटतं?"

"नाही, खिडक्यांना लावायचीय."

त्या पुढे महिनाभर माझ्याशी जपून बोलत होत्या.

गोदामात अंकलनी कॅन मोजले. "सिस्टर, सो मच बिअर! हजबंड नॉट अँग्री मेह?"

"हजबंड ओन्ली अँग्री बिकॉज नो शेअर," मी म्हटलं. अंकल इतके हसले की करवत बाजूला ठेवावी लागली.

पहिले तीन दिवस काहीच वाळेना. इथली हवाच तशी. शेवटी सेटसाठी आणलेले मोठे एसी आधीच चालू करून घेतले. नटांना लोकरीच्या कपड्यांत घाम येऊ नये म्हणून ते आणले होते. चौथ्या दिवशी काचेवर पानं उमटली. खरोखर सुंदर. दोन्ही रंगारी काम सोडून पाहायला आले. मी हुकूम सोडला: कुणी हात लावायचा नाही. बाईंनी कॅमेऱ्याच्या जागेवरून पाहिलं, मान डोलावली आणि त्याही हात न लावता पुढच्या कामाला गेल्या. त्यांची मान डोलावणं म्हणजे दुसऱ्या कुणाचं हारतुरे घालून केलेलं कौतुक. मी त्या दिवशी घरी जाताना बसमध्ये एकटीच बसून हसत होते.

शुक्रवारी दुपारी एक वाजता जेवण. बाईंनी बटाटे उकडले आणि खारवलेला मासा शिजवला. अंकलनी हॉकर सेंटरमधल्या एका टपरीवरून चिकन राइस आणला. मी थालीपिठं आणि लोणी. नऊ वर्षांची ती पोर आईबरोबर आली होती, दिग्दर्शक होता. बाहेर तेहेतीस डिग्री, आत आम्ही सगळे स्वेटर घालून. दिग्दर्शक जेवत होता आणि पाहत होता. चुलीमागची काजळी पाहिली. दारामागे लटकवलेले कोट पाहिले. टेबलाच्या कडेला बाईंनी चाकूने पाडलेल्या खुणा बोटाने चाचपल्या. "माझ्या आजीकडे असंच होतं," एवढं म्हणाला. बाईंनी त्याला आणखी एक बटाटा वाढला.

मग तो पोरीला म्हणाला, "खिडकीशी जा. बाबा येतोय का बघ."

दृश्य असं होतं की मुलगी नखाने काचेवरचं हिम खरवडून छोटं भोक पाडते आणि त्यातून बघते. पोर स्टुलावर चढली आणि तिने नख लावलं. टिक् असा आवाज आला. पुन्हा खरवडलं. काहीच निघेना. तिने नाक काचेला लावलं आणि मागे वळून दिग्दर्शकाला सांगितलं, "अंकल, धिस वन आउटसाइड, लाह."

बाई हातातलं भांडं ठेवून खिडकीशी गेल्या, स्वतः नख लावलं. मग वळून दिग्दर्शकाला म्हणाल्या, "माझी चूक."

मला तोवर कळलं नव्हतं. चूक कसली? मग एकदम डोक्यात प्रकाश पडला. थंड देशात घर आतून गरम. चुलीची, श्वासाची वाफ आतल्या बाजूने काचेवर बसते आणि गोठते. मी सगळं हिम बाहेरून लावलं होतं. फोटोत बाजू दिसत नाही.

"खिडक्या मी केल्या," मी उभी राहिले.

"बस खाली," बाई हळूच म्हणाल्या. "खात्याची चूक ती माझी."

"नाही," मी म्हटलं, आणि दिग्दर्शकाला म्हणाले, "दोन मिनिटं माझ्याबरोबर या."

गोदामात एका बाजूला, सेटचा गारवा पोचत नव्हता तिथे, ऑफिसची काचेची केबिन होती, आत एसी रात्रंदिवस चालू. मी त्याला बाहेरच्या बाजूने उभं केलं आणि काचेवर बोट ओढलं. पाण्याचा ओघळ आला. "आमच्याकडे काचेला घाम बाहेरून येतो. आत थंड, बाहेर दमट. मी चार वर्षं रोज सकाळी कॉरिडॉरमध्ये जाऊन माझ्या बेडरूमची काच बाहेरून पुसते. बसच्या काचाही बाहेरून धूसर होतात. म्हणून मी बाहेरून लावलं. मला प्रश्नच पडला नाही." मी गयावया करत नव्हते. कारण होतं, ते सांगितलं.

तो काचेकडे पाहत राहिला. बाई मागे येऊन उभ्या होत्या. मला वाटलं त्या आता बिजागरीबद्दल काहीतरी बोलतील. त्या म्हणाल्या, "ती मुलगी सिंगापूरला आल्यावर पहिल्या सकाळी काय करेल? उठेल, काच धूसर दिसेल, नखाने खरवडेल. आणि काही निघणार नाही."

दिग्दर्शकाने त्यांच्याकडे पाहिलं. "हे स्क्रिप्टमध्ये नाही."

"नाही."

त्याने खिशातून वही काढून लिहिलं. ते दृश्य आज चित्रपटात आहे. सहा-सात सेकंदांचं असेल. मुलगी खरवडते, थांबते, आपल्या बोटाकडे पाहते. एकही शब्द नाही. तिला या देशात सगळं नवं शिकायचंय हे तेवढ्यात कळतं. इकडे थिएटरमध्ये माझ्या मुलीने त्या जागी माझा हात दाबला, मराठीत म्हणाली, "आई, ही तुझी चूक ना?" मी म्हटलं, "हो, माझीच." एखाद्या चुकीचा इतका अभिमान मला आधी कधी वाटला नव्हता. पण ती चूक पाहून त्यात चित्र दिसायला बाईच लागतात, तेही आपलं सगळं काम पणाला लागलेलं असताना. माझ्या डोक्यात त्या वेळी फक्त बारा काचा होत्या.

आणि त्या बारा काचांचं काहीच सुटलेलं नव्हतं. वही खिशात ठेवून दिग्दर्शक म्हणाला, "चार वाजता ओस्लोचं ऑफिस उघडेल. तेव्हा मला सांगायचंय, सेट की कापड. मला वाईट वाटतंय, पण खिडकी चुकली तर दृश्यच नाही."

दोन वाजून गेले होते. धुऊन पुन्हा लावायचं तर वाळायला निदान एक दिवस. चौकटी उलट्या फिरवाव्यात तर कड्या बाहेर जातील. अंकल स्टुलावर चढून बोटाने काचेची कड चाचपत होते. पुण्यात आम्ही जिला लांबी म्हणतो, काच बसवायची ती पुट्टी, त्यांनी नखावर घेतली.

"स्टिल सॉफ्ट," ते म्हणाले. "सिस्टर, फ्रेम डोन्ट टच. ओन्ली ग्लास, टर्न अराउंड."

दमट हवेत ती घट्टच झाली नव्हती, कणकेसारखी होती. बाईंनी स्वेटर काढला. अंकलनी पट्टीने लांबी सोडवायची, बाईंनी बारीक खिळे उपसायचे, मी काच दोन्ही तळव्यांनी कडेने धरून फिरवायची, एका रंगाऱ्याने पुन्हा खिळे, दुसऱ्याने पुन्हा लांबी. कुणी कुणाला काही सांगत नव्हतं. हिमावर बोट लागलं की ठसा उमटणार, म्हणून मी श्वाससुद्धा बाजूला तोंड करून सोडत होते. आठव्या काचेला माझा अंगठा लागलाच. बाईंनी तिथे ब्रशच्या टोकाने चार फटकारे मारले, ठसा पानांत मिसळून गेला. दहावी काच अंकलच्या हातात कोपऱ्यापासून तडकली. अंकलचा चेहरा उतरला.

बाईंनी तडा पाहिला आणि टेबलावरच्या जुन्या वर्तमानपत्राची पट्टी फाडली. "उकडलेला बटाटा दे," मला म्हणाल्या. बटाटा चोळून त्याच्या चिकाने पट्टी तड्यावर चिकटवली. "आमच्याकडे हिवाळ्यात फुटलेली काच वसंत येईपर्यंत अशीच राहायची. नवी काच बोटीने येते." मग दिग्दर्शकाकडे वळून, "तुझ्या आजीकडे नव्हती का अशी एक?"

तो इतका वेळ खुर्चीवर बसून आमच्याकडे पाहत होता. म्हणाला, "होती. पाठीमागच्या खोलीत."

पावणेचार वाजता पोर पुन्हा स्टुलावर चढली. नखाने खरवडलं. पांढरा भुगा तिच्या बाहीवर पडला, नाण्याएवढं भोक पडलं. तिने डोळा लावला. सांगितलेलं नसताना तिने बोट चाटलं आणि "यक!" केलं. दिग्दर्शक हसला, तिला बाजूला करून वाकला आणि त्या भोकातून पलीकडे बाईंनी रंगवलेल्या डोंगराकडे बराच वेळ पाहत राहिला. मग उठून फोन घेऊन कोपऱ्यात गेला. नॉर्वेजियनमध्ये बोलत होता. मला काहीच कळेना. बाई खिडकीजवळ पाठमोऱ्या उभ्या होत्या.

"काय म्हणतोय?" मी विचारलं.

"कापड परत पाठवा म्हणतोय."

त्यांनी खुर्ची ओढली आणि बसल्या. त्या दिवशी त्यांना पहिल्यांदाच बसलेलं पाहिलं, जेवतानाही त्या वाढतच होत्या. थोड्या वेळाने म्हणाल्या, "ती दर वेळी खरवडणार, म्हणून प्रत्येक टेकला नवी काच लागेल. किती धरशील?"

"तुम्ही सांगा."

"तुझ्या खिडक्या आहेत."

"दहा," मी म्हटलं.

अंकलनी दहा काचा कापायला घेतल्या. मी प्रत्येकीच्या कडेला कागदी टेप लावून त्याच्यावर 'आत' असं मराठीत लिहीत गेले. अंकल म्हणाले, "नोबडी कॅन रीड धिस, सिस्टर."

"आय कॅन रीड," मी म्हटलं, आणि पुढची काच घेतली.